कार्बन क्रेडिट व्यापार योजना आणि उत्सर्जन कपातीचे सरकारी धोरण : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ऑक्टोबर २०२५ मध्ये केंद्र सरकारने काही उद्योगांना हरितगृह वायूंच्या उत्सर्जनाची सक्तीची लक्ष्ये लागू केली, तेव्हापासून या विषयावरचे प्रश्न वाढले आहेत. ते कारखान्यातील अभियंत्यांकडून येतात, विद्यार्थ्यांकडून येतात आणि ‘आमच्या बांधावरच्या झाडांचे पैसे मिळतात का’ असे विचारणाऱ्या शेतकऱ्यांकडूनही येतात. ऊर्जा लेखापरीक्षणाच्या कामात जे पाहिले आणि शिकलो, त्याच्या आधारे त्यांची उत्तरे येथे दिली आहेत.

उत्सर्जन व्यापार म्हणजे नेमके काय?

सरकार कारखान्यांच्या उत्सर्जनाला एक मर्यादा घालून देते. जो कारखाना त्या मर्यादेपेक्षा कमी धूर सोडतो, त्याला वाचवलेल्या उत्सर्जनाची प्रमाणपत्रे, म्हणजेच कार्बन क्रेडिट, मिळतात आणि ज्याला मर्यादा पाळता आली नाही, त्याला ती विकत घ्यावी लागतात. भारताच्या योजनेत एक प्रमाणपत्र म्हणजे एक टन कार्बन डायऑक्साइड किंवा तितकीच उष्णता वाढवणारा दुसरा वायू. मिथेनसारखा वायू वजनामागे शंभर वर्षांच्या काळात सुमारे २८ पट उष्णता धरून ठेवतो, म्हणून निरनिराळे वायू एकाच मापात आणून मोजले जातात.

यामागचा विचार साधा आहे. एक टन उत्सर्जन कमी करायला सगळीकडे सारखा खर्च येत नाही. जुन्या पंख्यांना वेग नियंत्रक बसवून एखाद्या ठिकाणी ते काम स्वस्तात होते, तर दुसऱ्या ठिकाणी अख्खी भट्टी बदलावी लागते. व्यापाराची सोय असली की कपात आधी स्वस्त जागी होते आणि महाग जागेचा मालक तिची किंमत मोजतो.

पैसे भरून प्रदूषण करण्याची ही मुभा नाही का?

हा आक्षेप मी गंभीरपणे घेतो. मर्यादा सैल असेल तर तो पूर्णपणे खरा ठरतो, कारण मग प्रमाणपत्रे मातीमोल होतात आणि कोणालाच काही बदलावे लागत नाही. मर्यादा खरोखर आवळलेली असेल तर मात्र एकाने घेतलेल्या प्रत्येक जादा टनामागे दुसऱ्या कोणीतरी एक टन आधीच वाचवलेला असतो. म्हणून कोणत्याही देशाच्या योजनेची पारख करताना बाजार किती आधुनिक आहे हे न पाहता मर्यादा किती कडक आहे आणि मोजमाप किती प्रामाणिक आहे, हे आधी पाहावे.

एक गोष्ट मात्र स्पष्ट असावी. धूलिकण किंवा सल्फर डायऑक्साइड यांचा त्रास कारखान्याशेजारच्या गावाला होतो, तर कार्बन डायऑक्साइडचा परिणाम साऱ्या पृथ्वीवर होतो. त्यामुळे कार्बनचा व्यापार झाला तरी स्थानिक हवेचे निकष पाळण्याच्या जबाबदारीतून कारखान्याची सुटका होत नाही. प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या संमतीपत्रातील अटी तशाच राहतात.

ही कल्पना कुठून आली, आणि ती कुठे यशस्वी झाली आहे?

मोठ्या प्रमाणावरचा पहिला प्रयोग अमेरिकेत झाला. आम्लवर्षा थांबवण्यासाठी १९९० च्या कायदा दुरुस्तीनुसार वीज केंद्रांच्या सल्फर डायऑक्साइडवर मर्यादा घातली गेली आणि १९९५ पासून ती लागू झाली. कार्बनसाठीचा सर्वांत महत्त्वाचा बाजार युरोपीय संघाने २००५ मध्ये सुरू केला.

युरोपचा अनुभव आपल्या धोरणकर्त्यांनी पुन्हा पुन्हा अभ्यासावा असा आहे. सुरुवातीला कारखान्यांनी सांगितलेल्या अंदाजांवर विसंबून गरजेपेक्षा जास्त उत्सर्जन परवाने फुकट वाटले गेले. २००६ मध्ये प्रत्यक्ष उत्सर्जनाचे आकडे जाहीर होताच भाव कोसळला आणि २००७ मध्ये तो जवळजवळ शून्यावर आला. पुढे मंदीमुळे पुन्हा परवान्यांचा साठा तुंबला. जादा परवाने बाजारातून काढून घेणारी राखीव साठ्याची व्यवस्था २०१९ पासून आली, त्यानंतर भाव सावरला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये त्याने टनामागे १०० युरोंचा टप्पा ओलांडला. या व्यवस्थेखालील वीज आणि उद्योग क्षेत्रांचे उत्सर्जन २०२३ पर्यंत २००५ च्या तुलनेत सुमारे ४७ टक्क्यांनी घटले. त्याचे सगळे श्रेय बाजाराला देता येणार नाही, कारण पवन आणि सौर ऊर्जेला मिळालेल्या स्वतंत्र पाठबळाचाही त्यात मोठा वाटा आहे.

राजकीय पाठिंबा नसेल तर काय होते, याचे उदाहरण ऑस्ट्रेलिया आहे. तिथे जुलै २०१२ मध्ये लागू झालेली कार्बनची किंमत सत्तांतरानंतर जुलै २०१४ मध्ये रद्द झाली.

भारताची योजना कोणत्या कायद्यावर उभी आहे आणि ती कोण चालवते?

ऊर्जा संवर्धन कायदा २००१ चा आहे. २०२२ च्या दुरुस्तीने केंद्र सरकारला कार्बन क्रेडिट व्यापार योजना आखण्याचा अधिकार दिला. त्यानुसार ऊर्जा मंत्रालयाने जून २०२३ मध्ये योजना अधिसूचित केली आणि डिसेंबर २०२३ मध्ये तिच्यात ऐच्छिक प्रकल्पांची तरतूद जोडली.

कामाची वाटणी अनेक संस्थांत आहे. ऊर्जा दक्षता ब्यूरो योजनेचे प्रशासन पाहतो, देशाचे वीजजाळे चालवणारी सरकारी कंपनी ग्रिड इंडिया प्रमाणपत्रांची नोंदवही सांभाळते, केंद्रीय वीज नियामक आयोग व्यवहारांवर देखरेख ठेवतो आणि खरेदी-विक्री वीज विनिमय केंद्रांवर व्हायची आहे. लक्ष्ये पर्यावरण मंत्रालय पर्यावरण संरक्षण कायद्याखाली अधिसूचित करते आणि दंडाची कारवाई केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाकडे आहे. इतकी दारे असल्याने एखादा प्रश्न नेमका कोणाकडे घेऊन जायचा, याचा गोंधळ कारखान्यांत आजही दिसतो.

कोणत्या उद्योगांना ही लक्ष्ये लागू आहेत?

आराखड्यात ॲल्युमिनियम, सिमेंट, क्लोर-अल्कली (कॉस्टिक सोडा व क्लोरीन), खत, लोखंड व पोलाद, पेट्रोरसायने, तेलशुद्धीकरण, लगदा व कागद आणि वस्त्रोद्योग अशी नऊ क्षेत्रे आहेत. ऑक्टोबर २०२५ च्या नियमावलीत त्यांपैकी ॲल्युमिनियम, सिमेंट, क्लोर-अल्कली आणि कागद या चार क्षेत्रांतील २८२ कारखान्यांना लक्ष्ये मिळाली. त्यांपैकी १८६ एकट्या सिमेंटचे आहेत. जानेवारी २०२६ मध्ये तेलशुद्धीकरण, पेट्रोरसायने आणि वस्त्रोद्योगातील कारखानेही जोडले गेले. वस्त्रोद्योग म्हटल्यावर इचलकरंजी किंवा भिवंडीच्या छोट्या यंत्रमागधारकांनी घाबरण्याचे कारण नाही, कारण ही लक्ष्ये ठरावीक प्रमाणापेक्षा जास्त ऊर्जा वापरणाऱ्या मोठ्या घटकांसाठी आहेत.

आधारवर्ष २०२३-२४ असून लक्ष्ये २०२५-२६ आणि २०२६-२७ या दोन वर्षांची आहेत. पहिले वर्ष एप्रिलमध्ये सुरू झाले आणि नियम आले ऑक्टोबरमध्ये. अर्धे वर्ष उलटून गेल्यावर त्याच वर्षाचे लक्ष्य हाती देणे ही पद्धत योग्य नाही, असे माझे स्पष्ट मत आहे. भट्टीची दुरुस्ती, यंत्रांची खरेदी, कोळशाचे करार या गोष्टी वर्षभर आधी ठरतात.

एखाद्या कारखान्याचा हिशेब कसा होतो? उदाहरण देऊन सांगाल का?

सिमेंटचेच उदाहरण घेऊ. समजा, एका कारखान्याचे लक्ष्य एक टन मालामागे ०.६० टन उत्सर्जनाचे आहे आणि त्याने वर्षात २० लाख टन माल काढला. प्रत्यक्षात त्याने ०.५८ टनावर काम भागवले, तर फरक ०.०२ टनांचा. त्याला २० लाखांनी गुणले की ४०,००० प्रमाणपत्रे त्याच्या खात्यावर जमा होतील. शेजारच्या तेवढ्याच मोठ्या कारखान्याचे लक्ष्यही तेच होते, पण तो ०.६३ वर राहिला, तर त्याला ६०,००० प्रमाणपत्रे विकत घ्यावी लागतील. भाव टनामागे ८०० रुपये धरला, तर हा खर्च ४ कोटी ८० लाख रुपयांचा होतो. हे सगळे आकडे केवळ समजावण्यासाठी घेतले आहेत.

आता हा ०.०२ टनांचा फरक येतो कुठून, हे पाहण्यासाठी भट्टीच्या नियंत्रण कक्षात जाऊन उभे राहावे लागते. सिमेंटमधील निम्म्याहून अधिक उत्सर्जन इंधनातून येतच नाही, ते दगडातून येते. चुनखडी तापवली की ती फुटते आणि कार्बन डायऑक्साइड बाहेर पडतो. १०० किलो शुद्ध चुनखडीतून ५६ किलो चुना मिळतो आणि ४४ किलो वायू धुराड्यातून निघून जातो. कोळशाऐवजी दुसरे कोणतेही इंधन वापरले तरी हे ४४ किलो चुकत नाहीत. त्यामुळे खरा उपाय असतो तो भट्टीतून निघणाऱ्या भाजलेल्या खड्यांचे, म्हणजे क्लिंकरचे, सिमेंटमधील प्रमाण कमी करण्याचा. घराच्या बांधकामावर आलेल्या गोणीवर ‘पीपीसी’ अशी अक्षरे दिसतात. त्या गोणीत भारतीय मानकानुसार ३५ टक्क्यांपर्यंत औष्णिक वीज केंद्राची राख मिसळलेली असू शकते आणि जितकी राख तितका क्लिंकर कमी लागतो. पोलाद कारखान्याची धातुमळी (स्लॅग) दळून केलेल्या ‘पीएससी’ सिमेंटमध्ये तर हे प्रमाण आणखी वाढते. भट्टीच्या गरम वायूवर वीज तयार करणे, कोळशाच्या जोडीला शहरी कचऱ्यातील जळाऊ भाग वापरणे हे त्यानंतरचे उपाय आहेत.

चंद्रपूर जिल्ह्यातील कोरपना-राजुरा पट्ट्यात चुनखडीच्या खाणी, सिमेंट कारखाने आणि राख देणारे वीज केंद्र एकमेकांपासून फार दूर नाहीत. सगळ्यांना अशी जवळीक मिळत नाही. राखेची वाहतूक महागली की मिश्र सिमेंटचे गणित बिघडते. म्हणूनच कारखान्याकारखान्याचे लक्ष्य वेगवेगळे ठेवले आहे.

भारतात एकूण उत्सर्जनावर मर्यादा नाही, हे खरे आहे का?

खरे आहे. युरोपमध्ये एकूण टनांवर कमाल मर्यादा असते आणि ती दरवर्षी घटते. भारताने मर्यादा घातली आहे ती उत्सर्जनाच्या तीव्रतेवर, म्हणजे एक टन मालामागच्या उत्सर्जनावर. त्यामुळे वरच्या उदाहरणातील कारखान्याने लक्ष्य गाठले आणि पुढच्या वर्षी उत्पादन दुप्पट केले, तर त्याचे एकूण उत्सर्जन वाढेलच, आणि तरीही तो नियमात राहील.

याचे समर्थन असे केले जाते की देशात घरे, रस्ते, पूल अजून बांधायचे आहेत आणि दरडोई उत्सर्जन विकसित देशांच्या मानाने बरेच कमी आहे. हा युक्तिवाद मला पटतो. भारताने २०२२ मध्ये जगासमोर ठेवलेले उद्दिष्टही तीव्रतेचेच आहे : राष्ट्रीय उत्पन्नाच्या प्रत्येक एककामागील उत्सर्जन २००५ च्या तुलनेत २०३० पर्यंत ४५ टक्क्यांनी कमी करणे. चीननेही २०२१ मध्ये आपला राष्ट्रीय बाजार तीव्रतेच्याच पायावर सुरू केला. परंतु २०७० पर्यंत निव्वळ शून्य उत्सर्जनाची घोषणा आपण नोव्हेंबर २०२१ मध्ये ग्लासगो येथील हवामान परिषदेत केली आहे. तिथपर्यंत केवळ तीव्रतेच्या शिडीने पोहोचता येत नाही. एकूण टनांवरची मर्यादा कोणत्या वर्षापासून येणार, हे सरकारने आताच सांगितले तर ३०-४० वर्षे चालणाऱ्या भट्ट्या उभारणाऱ्यांना योग्य निर्णय घेता येतील.

औष्णिक वीज केंद्रे या योजनेत का नाहीत?

वीजनिर्मिती हा देशातील उत्सर्जनाचा सर्वांत मोठा स्रोत असूनही ती या नऊ क्षेत्रांत नाही. त्या क्षेत्रासाठी अपारंपरिक ऊर्जा खरेदीचे बंधन आणि ऊर्जा कार्यक्षमतेची लक्ष्ये अशी वेगळी साधने आहेत, असे सरकारी धोरण आहे. विजेचे दर हा आपल्याकडे किती नाजूक प्रश्न आहे, हेही लक्षात घ्यावे लागते. तरीसुद्धा २,९२० मेगावॉटचे चंद्रपूर वीज केंद्र बाहेर आणि त्याची राख वापरणारा सिमेंट कारखाना आत, ही रचना फार काळ टिकवणे योग्य होणार नाही.

याआधीच्या ‘पॅट’ योजनेतून आपण काय शिकलो?

‘परफॉर्म, अचीव्ह अँड ट्रेड’ म्हणजेच ‘पॅट’ ही योजना २०१२ मध्ये सुरू झाली. ती ऊर्जाबचतीची होती. पहिल्या चक्रात आठ क्षेत्रांतील ४७८ घटक होते. लक्ष्य सुमारे ६७ लाख टन खनिज तेलाइतक्या ऊर्जेच्या बचतीचे होते, प्रत्यक्षात बचत सुमारे ८७ लाख टनांची झाली. वरवर पाहता हे मोठे यश आहे, आणि अनेक कारखान्यांत ऊर्जेकडे पाहण्याची दृष्टी या योजनेने खरोखरच बदलली. मीटर नव्हते तिथे मीटर आले आणि ऊर्जा व्यवस्थापकाला बैठकीत बोलायला जागा मिळाली.

बाजाराची कहाणी मात्र वेगळी झाली. सुमारे ३८ लाख प्रमाणपत्रे वाटली गेली आणि गरज होती सुमारे १४ लाखांची. पहिले चक्र मार्च २०१५ मध्ये संपले, तर खरेदी-विक्री सुरू झाली सप्टेंबर २०१७ मध्ये. १,२०० रुपयांच्या आसपास सुरू झालेला भाव काही आठवड्यांतच गडगडला. ज्या कारखान्याने लक्ष्यापेक्षा जास्त कष्ट घेतले, त्याच्या हाती कवडीमोल कागद उरला.

त्या काळात एका कारखान्यातील ऊर्जा व्यवस्थापकाने मला आपली फाइल दाखवली होती. वायूची उष्णता परत वापरण्याचा प्रकल्प त्याने प्रमाणपत्रांच्या अपेक्षित उत्पन्नावर मंजूर करून घेतला होता. दोन वर्षांनी त्याच संचालकांनी त्याचा पुढचा प्रस्ताव न वाचता परत पाठवला. सैल लक्ष्याची किंमत अशी चुकवावी लागते, आणि ती कोणत्याही सरकारी तक्त्यात दिसत नाही. नव्या योजनेत प्रमाणपत्रे पुढील वर्षांसाठी साठवता येतील आणि भावाला किमान व कमाल मर्यादा ठरवण्याची तरतूदही आहे. या दोन्ही गोष्टी उपयोगाच्या आहेत, पण लक्ष्येच सैल राहिली तर त्याही पुरणार नाहीत.

कारखान्यांनी दिलेल्या आकड्यांवर विश्वास कसा ठेवायचा?

हा या पानावरचा सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे.

कार्बन डायऑक्साइड बहुतेक ठिकाणी थेट मोजला जात नाही, तो हिशेबाने काढला जातो. किती कोळसा जळला, त्यात कार्बन किती होता, ओलावा किती होता, यावर उत्तर ठरते. पट्ट्यावरच्या वजनकाट्याचे अंशांकन वेळेवर झालेले नसेल, किंवा प्रयोगशाळेतील नमुना ढिगाच्या वरच्या, वाळलेल्या थरातूनच उचललेला असेल, तर कागदावरची कपात आणि हवेतली कपात यांचा संबंध तुटतो. पावसाळ्यात उघड्या आवारातील कोळसा भिजून जड झालेला असताना वजन आणि ओलावा यांच्या नोंदी वेगवेगळ्या दिवसांच्या असल्या, तर एवढ्यानेच एक-दोन टक्क्यांचा फरक सहज पडतो. अनेकदा पूर्ण लक्ष्यच दोन-तीन टक्क्यांचे असते.

पडताळणीसाठी मान्यताप्राप्त संस्था नेमायच्या आहेत, परंतु ज्या कारखान्याची तपासणी करायची तोच तिची निवड करणार आणि तोच तिचे शुल्क देणार. असे केल्याने काय होते, हे गुजरातमध्ये एस्थर डुफ्लो, मायकेल ग्रीनस्टोन, रोहिणी पांडे आणि निकोलस रायन या अर्थतज्ज्ञांनी प्रयोगाने दाखवले आहे. कारखान्यांनी निवडलेल्या लेखापरीक्षकांचे आकडे संशयास्पद रीतीने मर्यादेच्या अगदी खाली येऊन थांबत. लेखापरीक्षक सोडत पद्धतीने नेमले, त्यांचे शुल्क सामायिक निधीतून दिले आणि त्यांच्या कामाची फेरतपासणी केली, तेव्हा आकडे खरे येऊ लागले आणि कारखान्यांनी प्रदूषणही कमी केले. ही पद्धत कार्बन योजनेत आणायला नवा कायदा लागत नाही. ती आणावी, ही माझी आग्रहाची मागणी आहे.

सुरतचा अनुभवही आश्वासक आहे. तिथे २०१९ मध्ये गुजरात प्रदूषण नियंत्रण मंडळाने कापड उद्योगातील ३०० हून अधिक कारखान्यांत धूलिकणांच्या व्यापाराचा प्रयोग सुरू केला. धुराड्यांवर सतत मोजणारी यंत्रे बसवली गेली. त्यावरील अभ्यासात बाजारात सहभागी कारखान्यांचे धूलिकण उत्सर्जन २० ते ३० टक्क्यांनी घटल्याचे आढळले. असा प्रयोग करण्याची केंद्राची योजना २०११ मध्ये गुजरात, तमिळनाडू आणि महाराष्ट्र या तिन्ही राज्यांसाठी होती. महाराष्ट्रात आपण त्यात मागे राहिलो, याची खंत वाटते.

लक्ष्य गाठले नाही आणि प्रमाणपत्रेही घेतली नाहीत, तर?

जितक्या टनांची तूट असेल, तितक्या टनांसाठी त्या चक्रातील सरासरी भावाच्या दुप्पट पर्यावरण भरपाई भरावी लागते. वरच्या उदाहरणात ती ९ कोटी ६० लाख रुपये होईल. मात्र भाव कोसळला तर हा दंडही त्याच्याबरोबर कोसळतो, ही या तरतुदीतील उणीव आहे.

शेतकऱ्याला किंवा गावाला कार्बन क्रेडिट विकता येते का?

तत्त्वतः येते, पण सक्तीच्या योजनेतून नव्हे. ऐच्छिक प्रकल्पांसाठी स्वतंत्र व्यवस्था आहे आणि तिच्यातील पहिल्या मान्य पद्धतींमध्ये कचराभूमीतील मिथेन पकडणे आणि कांदळवनांची नवी लागवड यांचा समावेश आहे. येथे ‘नवी’ हा शब्द महत्त्वाचा आहे. महाराष्ट्रातील कांदळवनांना मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशांमुळे आधीच संरक्षण आहे. जे तसेही तोडता येत नाही, ते न तोडल्याबद्दल क्रेडिट मागता येत नाही. हाच नियम बांधावरच्या जुन्या आंब्यालाही लागू होतो.

शेतकऱ्यांना माझी कळकळीची विनंती आहे. कार्बनचे पैसे मिळवून देतो म्हणून कोणी सातबारा आणि सही मागितली, तर आधी करार मराठीत मागा. तो किती वर्षांचा आहे, मोजणीचा खर्च कोण करणार, विक्रीतील किती वाटा तुमचा, आणि मधेच झाडे जळाली किंवा जमीन विकली तर काय, या चार गोष्टी लेखी नसतील तर सही करू नका.

युरोपचा सीमेवरील कार्बन कर आपल्या उद्योगांना कसा लागू होतो?

१ जानेवारी २०२६ पासून युरोपीय संघात जाणाऱ्या पोलाद, ॲल्युमिनियम, सिमेंट, खत आदी मालावर त्यातील उत्सर्जनाचे मूल्य आकारण्याची व्यवस्था लागू झाली आहे. साधे स्क्रू-बोल्टही त्यात येतात, त्यामुळे पुणे किंवा छत्रपती संभाजीनगरच्या लघुउद्योजकाकडे युरोपातील ग्राहक उत्सर्जनाची माहिती मागू लागला आहे. मूळ देशात कार्बनची किंमत भरलेली असेल तर ती वजा होऊ शकते. म्हणजे आपल्या बाजारात खरी किंमत तयार झाली, तर तो पैसा देशातच राहील. आपला भाव मात्र युरोपच्या तुलनेत फारच कमी असणार, म्हणून वजावटही तेवढीच राहील.

त्यापेक्षा सरळ कार्बन कर का लावला नाही?

एका अर्थी तो होता. २०१० मध्ये कोळशावर टनामागे ५० रुपये उपकर आला आणि २०१६ पर्यंत तो ४०० रुपये झाला. स्वच्छ ऊर्जेसाठी गोळा होणारा हा निधी २०१७ मध्ये वस्तू व सेवा कराच्या भरपाईकडे वळवला गेला आणि सप्टेंबर २०२५ मध्ये उपकर काढून कोळशावरील वस्तू व सेवा कर ५ वरून १८ टक्के करण्यात आला. कर साधा असतो, त्याला नोंदवही लागत नाही. पण जमलेला पैसा ज्या कामासाठी घेतला त्याच कामाला जाईल, याची हमी तो देत नाही, हे आपण पाहिले आहे.

आमच्या जिल्ह्यातील कारखान्याचे लक्ष्य आम्हाला पाहता येते का?

येते. राजपत्रातील नियमावलीच्या अनुसूचीत प्रत्येक कारखान्याचे नाव, आधारवर्षातील उत्पादन, त्या वर्षीची उत्सर्जन तीव्रता आणि दोन्ही वर्षांची लक्ष्ये ओळीने छापलेली आहेत. पर्यावरण मंत्रालयाची ऑक्टोबर २०२५ ची अधिसूचना उघडा, आपल्या तालुक्याचे नाव शोधा आणि आधारवर्षाच्या तीव्रतेच्या आकड्यातून लक्ष्याचा आकडा वजा करा. जो फरक उरेल, एक टन मालामागे तेवढीच कपात त्या धुराड्याकडून मागितलेली आहे.